चांभारकाम करून निसर्गअभ्यास? थॉमस एडवर्डबद्दल

रानभुंगा: स्कॉटलंडच्या बान्फचा हा चांभार, शाळेत प्राणी नेतो म्हणून लहानपणीच हाकललेला, मग दिवसभर जोडे शिवून अभ्यास कधी करायचा हो?

खेकडेवाला: रात्री! काम सुटलं की रानात नाहीतर समुद्रकाठी, झोप आली तर वाळूच्या बिळात पाय आधी घालून आडवा, आणि सकाळी परत कामावर. बायको काय म्हणत असेल देव जाणे 😄

जुनीवही: १८४६ ला अ‍ॅबरडीनमध्ये जमवलेल्या प्राणी-पक्ष्यांच्या संग्रहाचं प्रदर्शन लावलं, लोकच आले नाहीत, कर्ज फेडायला अख्खा संग्रह २० पौंडांच्या आसपास विकला. तरी घरी येऊन पुन्हा गोळा करायला लागला.

रानभुंगा: बापरे. पुढे काही मिळालं का?

खेकडेवाला: १८६६ ला लिनियन सोसायटीने, म्हणजे लंडनच्या निसर्गअभ्यासकांच्या संस्थेने, असोसिएट (सहसदस्य) केलं. राणीकडून वर्षाला ५० पौंड पेन्शन, पण ती १८७६ ला, म्हणजे साठी उलटल्यावर.