काजूवर विणकर मुंग्या सोडल्या, पण घरटी ओस पडतात

पानवेल: ढेकण्यावर (काजूच्या पालवी-मोहोराचा रस शोषणारी कीड) उपाय म्हणून शेजारच्या आंब्यावरची तांबड्या विणकर मुंग्यांची घरटी फांदीसकट कापून काजूला बांधली. थोड्याच दिवसांत घरटी रिकामी, खाली मेलेल्या मुंग्यांचा सडा. काय चुकतंय?

बांडगूळ: बहुतेक दोन वसाहती एकमेकींना भिडल्या. एका वसाहतीची घरटी अनेक झाडांवर असतात, राणी मात्र साधारणपणे एकाच घरट्यात. आधी परीक्षा घ्या: एका झाडावरच्या दहाबारा मुंग्या काडीवर घेऊन दुसऱ्या झाडावर सोडा. मिशा लावून पुढे गेल्या तर घरच्या, पाय धरून ताणू लागल्या तर परक्या. परक्या असतील तर दोन्ही झाडांच्या टेकलेल्या फांद्या छाटा. घरच्या असतील तर उलट दोरी बांधून झाडं जोडा. दक्षिण चीनमधल्या लिंबूवर्गीय बागांत याचसाठी बांबूचे पूल बांधत.

राणी आली नाही तर नव्या कामकरी मुंग्या तयार होत नाहीत, वसाहत हळूहळू संपते. म्हणून एखाददुसरं नाही, त्या वसाहतीची सगळी घरटी हलवा. राणी कामकरीच्या दुपटीहून मोठी, जाड पोटाची, हिरवट-तपकिरी असते.

खोडकिडा: पिशवी कापडाची घ्या. प्लॅस्टिकमध्ये त्यांच्याच फॉर्मिक आम्लाच्या वाफेने आणि उकाड्याने मरतात. ऊन उतरल्यावर हलवा आणि कोवळ्या पालवीजवळ बांधा, कारण कापलेली पानं सुकली की त्यांना नवं घर विणावं लागतं. पानं जोडायचं रेशीम प्रौढ मुंगीकडे नसतंच, ते अळी सोडते. मुंगी अळीला जबड्यात धरून पानाच्या एका काठावरून दुसऱ्या काठावर फिरवते. अळ्या नसलेलं घरटं आणलंत तर विणणार कशाने?

खोडावर जमिनीवरच्या मुंग्या चढत असतील तर बस्तान बसेपर्यंत ग्रीसचा पट्टा लावा. थेट सालीवर नको, आधी प्लॅस्टिक गुंडाळा. सुरुवातीला साखरपाणी आणि सुक्या मासळीचे तुकडे फांदीवर ठेवा.

बांडगूळ: एक राहिलं. या मुंग्या गोड चिकट्यासाठी खवले कीड आणि पिठ्या ढेकूण राखतात, त्यांना खाणाऱ्या ढालकिड्यांना हुसकावतात. पानांवर त्या चिकट्यावर वाढणारी काळी बुरशी दिसली तर तेवढेच शेंडे छाटा. सरसकट कीटकनाशक मारलंत तर पहिल्या मरतील त्या मुंग्याच.

पानवेल: काढणीच्या वेळी मजूर वर चढायला तयार होतील का?

खोडकिडा: हातापायांना कोरडी राख चोळायला सांगा, मुंग्यांची पकड बसत नाही. चष्मा मात्र हवाच. आम्ल डोळ्यात उडालं तर लगेच भरपूर पाण्याने धुवा.