प्रतिसाद: ‘घोस्ट डान्स’ची ती चित्रफीत

घोस्ट डान्स हे अमेरिकेतल्या मूळनिवासींच्या, १८९० च्या सुमारास पसरलेल्या एका धार्मिक चळवळीचे नृत्य. एडिसनच्या कंपनीने सप्टेंबर १८९४ मध्ये टिपलेली ‘सू घोस्ट डान्स’ ही चित्रफीत म्हणजे त्या नृत्याची अस्सल नोंद, असा दावा इथल्या चर्चेत झाला आहे; त्याला हा प्रतिसाद. त्यात नाचणारे लोक खरोखर लाकोटा (सू लोकांची एक शाखा) होते, इतपत मान्य आहे. पण ते बफेलो बिल कोडीच्या ‘वाइल्ड वेस्ट’ या, अमेरिकी पश्चिमेचे जीवन रंगवणाऱ्या फिरत्या खेळातले कलाकार होते, आणि त्या उन्हाळ्यात ब्रुकलिनला खेळ चालू असल्यामुळे त्यांना न्यू जर्सीतल्या एडिसनच्या स्टुडिओत आणणे सोपे गेले. मूळ घोस्ट डान्समध्ये स्त्री-पुरुष हातात हात गुंफून मोकळ्या माळावर मोठे वर्तुळ करीत. इथे दिसतात ते काळ्या पडद्यापुढे, अरुंद मंचावर, जेमतेम वीसेक सेकंद दाटीने थिरकणारे नर्तक.

चर्चेत न आलेली एक गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते. डिसेंबर १८९० मध्ये अमेरिकी सैन्याने वूंडेड नी इथे लाकोटांचे हत्याकांड केले; त्यानंतर घोस्ट डान्सच्या चळवळीतल्या काही लाकोटांना शिकागोजवळच्या फोर्ट शेरिडनमध्ये कैदेत ठेवले होते. त्यांपैकी किकिंग बेअर आणि शॉर्ट बुल यांच्यासह वीसहून अधिक जणांना सरकारने १८९१ मध्ये कोडीच्या ताब्यात देऊन त्याच्या खेळाबरोबर युरोपला धाडले. म्हणजे चित्रफितीच्या तीन वर्षे आधीच जर्मनीतल्या आणि ग्लासगोतल्या प्रेक्षकांनी या चळवळीचे खरे पुढारी तिकीट काढून रिंगणात पाहिले होते.