मदत हवी आहे : चालू वाचनालयाची नोंदणी रद्द झाली, आमचं म्हणणं कोणी ऐकलंच नाही

नमस्कार. धर्मादाय कार्यालयाच्या (सार्वजनिक ट्रस्टची नोंद ठेवणाऱ्या सरकारी कार्यालयाच्या) कामाचा अनुभव असलेल्यांनी हे कृपया वाचावं. कोणी वकील असतील तर फारच बरं.

आमच्या गावात सार्वजनिक वाचनालय आहे. १८६० च्या संस्था नोंदणी कायद्याखाली आणि १९५० च्या महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्तव्यवस्था कायद्याखाली, अशी दोन्हीकडे नोंद. मी सध्या तिथली कार्यवाह. वाचनालय सकाळ-संध्याकाळ उघडतं, वर्तमानपत्रं येतात, स्पर्धा परीक्षेची मुलं रात्री उशिरापर्यंत बसलेली असतात. 'ड' वर्गाची मान्यता असल्यामुळे शासनाचं अनुदानही येतं.

बँकेत सह्या बदलायच्या होत्या. बँकेने परिशिष्ट एकचा, म्हणजे धर्मादाय कार्यालयातल्या आमच्या संस्थेच्या नोंदीचा, ताजा उतारा मागितला. तो काढायला गेलो तेव्हा कळलं की आमच्या न्यासाची (ट्रस्टची) नोंदणी १९५० च्या कायद्याच्या कलम २२ (३अ) खाली रद्द झालेली आहे! कारण काय, तर 'विश्वस्त न्यासाच्या उद्देशासाठी कोणतेही काम करीत नाहीत'. एकाच आदेशात बऱ्याच संस्थांची यादी आहे आणि सगळ्यांना कारण तेच. आमच्याबद्दल वेगळी एक ओळही नाही.

कागदाची बाजू लपवत नाही. जुने अध्यक्ष वारले, त्याआधीचे कार्यवाह मुलाकडे परगावी गेले आणि नव्या मंडळींचे बदल अर्ज (विश्वस्त बदलल्याचं कळवणारे अर्ज) दाखल झालेच नाहीत. लेखापरीक्षण दरवर्षी होतं, पण त्याची प्रत ग्रंथालय अधिकाऱ्यांकडे जाते, धर्मादाय कार्यालयात गेलेली नाही. पाच वर्षांच्या वर झाली, हे खरं. पण कागद न देणं आणि काम न करणं या दोन गोष्टी एकच कशा? शासनाचं एक खातं दरवर्षी तपासणी करून आम्हाला अनुदान देतं, आणि दुसरं कार्यालय म्हणतं इथे काहीच चालत नाही.

नोटीस म्हणे पाठवली होती. पाठवली ती परगावी गेलेल्या कार्यवाहांच्या जुन्या घरी. वाचनालयाची इमारत बाजारपेठेत उभी आहे आणि तिचा पत्ता त्यांच्याच परिशिष्टात लिहिलेला आहे. तिथे एक कागद टाकला असता तर आम्ही दप्तर घेऊन हजर झालो असतो.

इमारत, हजारो पुस्तकं, लोकांनी दिलेल्या देणग्या, या सगळ्याचं आता काय होणार या विचाराने झोप लागत नाही. आदेश होऊन काही महिने गेलेत. अपील करता येतं का? मुदत संपली असेल तर? आणि बदल अर्ज दिले नाहीत ही आमची बाजू लंगडी असताना 'आम्हाला ऐकलं नाही' असं म्हणता येतं का?

प्रतिसाद १

ताई, आधी घाबरू नका, पण वेळही दवडू नका. नोंदणी रद्द झाली की त्याच कलमाच्या (३ब) खाली कार्यालय मालमत्तेचं व्यवस्थापन ताब्यात घेऊ शकतं, सार्वजनिक हितासाठी विकूही शकतं. म्हणून अपिलासोबत स्थगितीचा अर्ज लागेलच.

कलम २२ खालच्या निर्णयावर कलम ७० प्रमाणे धर्मादाय आयुक्तांकडे अपील होतं. मुदत ६० दिवसांची. ती उलटली असली तरी कलम ७५ मुळे मुदत कायद्याचं कलम ५ लागू होतं, म्हणजे विलंब माफीचा अर्ज देता येतो. आदेश कधी आणि कसा कळला हे बँकेच्या पत्रासकट मांडा.

पण त्याच्याही आधी नकलेचा, म्हणजे कागदांच्या प्रती मागणारा, अर्ज द्या. नुसता आदेश मागू नका. रोजनामा (प्रकरणात तारखेनुसार काय झालं त्याची नोंद), नोटिशीची स्थळप्रत (कार्यालयाकडे राहिलेली प्रत), पोच आणि परत आलेलं पाकीट, सगळ्याच्या प्रमाणित प्रती घ्या. पाकिटावर पोस्टाचा शेरा काय आहे, यावर तुमचं निम्मं प्रकरण उभं राहील.

प्रतिसाद २

मी न्यासांची कामं बघतो. तुमचा मूळ मुद्दा बरोबर आहे आणि तो कायद्यातच आहे. २०१७ च्या दुरुस्तीने आलेलं (३अ) हे पोटकलम नीट वाचा. विश्वस्त उद्देशासाठी काहीच करत नाहीत असं चौकशीत आढळलं पाहिजे, ही पहिली अट. बदल किंवा हिशोब न कळवण्याची पाच वर्षांची कसूर परंतुकात, म्हणजे पोटकलमाला जोडलेल्या 'मात्र'च्या अटीत, येते. ती असल्याशिवाय त्या कारणावरून नोंदणी रद्द करताच येत नाही, एवढाच तिचा अर्थ. ते संस्थांना दिलेलं संरक्षण आहे. आदेशाने नेमकं उलटं केलेलं दिसतं : कसूर पाहिली आणि काम बंद आहे असं धरून टाकलं.

चौकशी म्हणजे यादीवर सही नव्हे. १९५१ च्या नियमांतल्या नियम ७ प्रमाणे कलम २२ ची चौकशी लघुवाद न्यायालयाच्या (छोटे दिवाणी दावे चालवणाऱ्या कोर्टाच्या) पद्धतीने व्हायला हवी. म्हणजे नोटीस, पुरावा, म्हणणं मांडायची संधी, आणि त्या त्या संस्थेपुरता निष्कर्ष.

समोरून विचारतील की बदल कळवला नाही तर पत्ता जुनाच राहणार, त्यात कार्यालयाचा काय दोष? कलम २२ (१) प्रमाणे ९० दिवसांत बदल कळवायला हवा, हे आडवं येणारच. त्याला उत्तर तुम्हीच लिहिलंय : संस्थेचा पत्ता नोंदीत होता. शिवाय कसूर झाली म्हणून ऐकून घेण्याचा हक्क जात नाही. मनेका गांधी खटल्यात (१९७८) सर्वोच्च न्यायालयाने नैसर्गिक न्यायाची, म्हणजे ऐकून घेतल्याशिवाय कोणाविरुद्ध निर्णय नको या तत्त्वाची, ही बाजू ठळक केली. त्याच न्यायालयाच्या मोहिंदरसिंग गिल निकालात (डिसेंबर १९७७) म्हटलंय की आदेश त्यात लिहिलेल्या कारणांवरच टिकतो किंवा पडतो, मागाहून कारणं जोडता येत नाहीत. तुमच्या आदेशात एकच ओळ असेल तर हा मुद्दा पहिल्या पानावर घ्या.

पुरावा म्हणून अनुदानाचे आदेश, तपासणीचे शेरे, लेखापरीक्षण अहवाल, वीजबिलं, पुस्तकखरेदीची बिलं आणि सभांची इतिवृत्तं वर्षवार लावा. राहिलेले बदल अर्ज आणि हिशोबपत्रकं तयार करून अपिलासोबतच जोडा, कसूर दूर करायची तयारी दिसते.

धागाकर्ती

दोघांचेही मनापासून आभार. नकलेचा अर्ज सोमवारी देते. एक अडचण राहिली. परिशिष्टावरच्या विश्वस्तांपैकी दोघेच हयात आहेत आणि आम्ही नवे कोणीच नोंदीत नाही. अपील कोणाच्या नावाने करायचं?

प्रतिसाद २

त्या दोघांच्या नावाने करा. त्यांची नावं नोंदीत आहेत, त्यांच्या अधिकारावर कोणी बोट ठेवणार नाही. नव्या कार्यकारिणीचा ठराव आणि निवडीचं इतिवृत्त सोबत लावा. दोघांपैकी एक परगावी असतील तर वकीलपत्रावर सही आत्ताच घेऊन ठेवा.