सरकीचा हिशेब जुळत नाही : मिल म्हणते ५.८५ लाख, आमच्या खात्यात ९.४० लाख

हिंगणघाट_जिनिंग
एका ऑइल मिलला २०२४-२५ मध्ये २ कोटी १० लाखांची सरकी दिली. करारपत्र नाही, दलालाची सौदा चिठ्ठी आहे. तीत पेमेंट ३० दिवसांत. मिलवाले बिलाप्रमाणे न देता कधी ५ लाख, कधी ८ लाख असे आरटीजीएस करत गेले. त्यांच्याकडून तीन गाड्या ढेप (सरकीची पेंड) आली, तीही त्याच खात्यात वळती झाली. सरकीची शेवटची गाडी मार्च २०२५ ची. आमचे येणे ९,४०,००० निघते. ते ५,८५,००० म्हणतात आणि तेवढ्याच्या बॅलन्स कन्फर्मेशनवर (बाकी मान्य असल्याच्या पत्रावर) सही मागतात. करावी का?

खातेवही_वर्धा
आहे तशी करू नका. आधी फरक फोडा. दोन्ही खातेउतारे बिल नंबरनुसार समोरासमोर लावा.

मिलने कापलेला टीडीएस पहिला. तेव्हाच्या आयकर कायद्याच्या कलम १९४क्यूप्रमाणे ५० लाखांवरच्या खरेदीवर ०.१ टक्का, म्हणजे १.६० कोटीवर १६,०००. २६एएसमध्ये (आयकर खात्याच्या कर-जमा उताऱ्यात) दिसत असेल तर तो तुमच्याच नावावर जमा आहे, खात्यात नोंद घाला आणि विसरा.

मग वजनघट. तुमची काटा पावती आणि मिलची काटा पावती गाडीनिहाय जोडा. सौदा चिठ्ठीत 'मिल काटा फायनल' असेल तर घट सोसावी लागेल.

राहिली ओलाव्याची आणि तेलाच्या टक्क्याची कटती. मिलची डेबिट नोट (तुमच्या बिलातून रक्कम वजा केल्याची चिठ्ठी) कोणत्या तारखेची आहे आणि नमुना तुमच्या माणसासमोर काढला होता का, हे दोनच प्रश्न विचारा. त्यांच्या डेबिट नोटेने तुमचा जीएसटी कमी होत नाही. त्यासाठी क्रेडिट नोट तुम्हालाच काढावी लागते. ती काढली की कटती कबूल केल्यासारखेच, म्हणून वाद मिटेपर्यंत काढू नका.

हिंगणघाट_जिनिंग
१६,००० तंतोतंत जुळले. घट ९४,०००, कटती २,४५,०००. कटतीच्या सगळ्या डेबिट नोटा ३१ मार्चच्या.

दिवाणी_वकील
म्हणजे वाद ३,३९,००० चा आहे. ५,८५,००० त्यांना मान्यच आहेत, ते आधी पक्के करून घ्या. सही तुम्ही द्यायची नाही, त्यांची घ्यायची: 'आजअखेर ५,८५,००० देणे मान्य, घट व कटतीचे ३,३९,००० वादात.' खाली मालकाची किंवा भागीदाराची सही, तारीख, शिक्का. मुनिमाच्या सहीवर पुढे 'त्याला अधिकारच नव्हता' असे म्हणतात. दावा लावण्याच्या मुदतीच्या आत अशी लेखी कबुली मिळाली तर लिमिटेशन कायद्याच्या कलम १८ खाली त्या रकमेला तिथून नवी ३ वर्षे मिळतात, आणि दावा लागल्यावर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर १२ नियम ६ खाली तेवढ्याचा हुकूमनामा लगेच मागता येतो. 'फुल अँड फायनल' लिहिलेले पेमेंट लेखी हरकत न घेता ठेवून घेऊ नका.

मुदत प्रत्येक बिलाची वेगळी धरा, ३० दिवसांची उधारी संपल्यापासून ३ वर्षे. ढेपेमुळे हे परस्पर चालू खाते (दोन्हीकडून देणे-घेणे असलेले) ठरते, म्हणून मुदत बिलानुसार न धरता सगळ्या खात्याची एकत्र धरावी, असा युक्तिवाद करता येईल. सर्वोच्च न्यायालयाच्या १९५९ च्या हिंदुस्थान फॉरेस्ट कंपनी निकालात कसोटी दिली आहे की दोन्ही बाजूंनी स्वतंत्र देणी उभी राहायला हवीत. पण तीन गाड्यांच्या भरवशावर मुदत जाऊ देऊ नका.

एकगठ्ठा रकमा आल्या तेव्हा कोणत्या बिलापोटी हे मिलने कळवले नसेल, तर त्या कशात वळवायच्या ते तुम्ही ठरवू शकता (करार कायदा, कलम ६०). कोणीच ठरवले नसेल तर जुनी बिले आधी फिटतात. तुमच्या सोयीचे तेच, कारण मग थकलेली बिले शेवटची उरतात.

नुसता खातेउतारा कोर्टात पुरत नाही. भारतीय साक्ष्य अधिनियमाचे कलम २८ तसे स्पष्ट सांगते. प्रत्येक थकीत बिलामागे काटा पावती, बिल्टी (ट्रान्सपोर्टची पावती) आणि ई-वे बिल हवे. व्हॉट्सॲपवरची बोलणी दाखल करायची तर त्याच अधिनियमाच्या कलम ६३ चे प्रमाणपत्र लागते. तोवर फोन विकू नका, चॅट पुसू नका.

रक्कम ३ लाखांवर असल्याने हा वाणिज्यिक न्यायालयाचा दावा. तातडीचा मनाई हुकूम मागायचा नसेल तर आधी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे मध्यस्थीचा अर्ज सक्तीचा आहे. तो टाळून लावलेला दावा फेटाळला जातो (पाटील ऑटोमेशन, २०२२). मध्यस्थीचा काळ मुदतीत धरत नाहीत.

उद्यम_सल्ला
कोर्टाआधी तुमचे उद्यम प्रमाणपत्र (लघुउद्योग नोंदणीचे) आणि त्यावरची तारीख तपासा. जिनिंग (कापसातून सरकी वेगळी करणे) हे उत्पादन आहे. सूक्ष्म किंवा लघु म्हणून नोंदणी पहिल्या गाडीच्या आधीची असेल तर एमएसएमई कायद्याखालच्या सुविधा परिषदेत (थकीत बिलांचे वाद ऐकणाऱ्या) जाता येते. नंतरची असेल तर समोरचा वकील पहिला आक्षेप तोच घेईल. परिषदेत व्याज रिझर्व्ह बँकेच्या बँक रेटच्या तिप्पट, दरमहा चक्रवाढ. निवाड्याला आव्हान द्यायचे तर मिलला आधी ७५ टक्के रक्कम भरावी लागते.

कटतीवरही हाच कायदा कामी येतो. माल उतरल्यापासून १५ दिवसांत लेखी हरकत आली नाही तर माल स्वीकारला असे धरतात. डेबिट नोटा ३१ मार्चच्या आहेत, तेव्हा १६ मार्चपूर्वी खाली झालेल्या गाड्यांची कटती वेगळी काढा आणि नोटिशीत गाडी नंबरासह तीच आधी मांडा.