मदत हवी आहे: शतकं ओलांडणाऱ्या वास्तुपोथीचा नियम कसा ठरवू?

नमस्कार. मी एक अद्भुतकथा लिहितेय. तिच्या केंद्रस्थानी स्थापत्यावरची एक जादूई पोथी आहे. तिच्यात आराखडा काढला की वास्तू लगेच उभी राहत नाही. पाया एका शतकात पडतो, भिंती दुसऱ्या आणि कळस तिसऱ्याच. पोथी हाताळणारे स्थपती एकमेकांना कधीच भेटत नाहीत, फक्त समासातल्या टिपांमधून बोलतात.

कल्पना सुचली जर्मनीतल्या कोलोन कॅथेड्रलवरून. पायाभरणी १२४८ ची, सोळाव्या शतकात काम थांबलं आणि पूर्ण झालं १८८० मध्ये. दर्शनी भागाचा मध्ययुगीन आराखडा मधल्या काळात हरवला होता. त्याचे दोन तुकडे १८१४ आणि १८१६ मध्ये वेगवेगळ्या शहरांत सापडले, आणि त्याच्याच आधारे मनोरे चढले. एका चर्मपत्राने शतकांनंतरच्या गवंड्यांना कामाला लावलं, यापेक्षा मोठी जादू कोणती!

अडलंय ते इथे. नंतरच्या स्थपतीने पोथीतली रेघ खोडली, तर आधी बांधलेली भिंत नाहीशी व्हावी का? झाली तर कुणाच्याच कष्टाला किंमत उरत नाही. नाही झाली, तर पोथी नुसती नोंदवही ठरते. जपानमधलं इसे मंदिर दर २० वर्षांनी नव्याने बांधतात, म्हणजे तिथे लाकूड बदलतं, बांधण्याची रीत टिकते. यातून मधला नियम निघेल का?

स्थापत्य शिकलेल्यांना खास विनंती: पाया घातल्यावर आराखड्यातलं काय बदलता येतं आणि काय मुळीच नाही, ते सांगाल का? माझा नियम त्यावरच बेतायचाय.