जुनी सीडी रिप उडवू नका
गाण्याची २४ बिटची (सीडीपेक्षा जास्त बारकाव्याने साठवलेली) फाइल मिळाली की जुनी १६ बिटची सीडी रिप, म्हणजे सीडीवरून कॉम्प्युटरवर काढलेली फाइल, उडवून टाकावी का, असं एकाने विचारलंय. थांबा जरा! फ्लॅक, म्हणजे आवाजातलं काही न गाळता गाणं साठवणारा फाइलचा प्रकार, हा नुसता डबा. आत भाजी कुठली, ते मास्टरिंगवर, म्हणजे रेकॉर्डिंगवर शेवटचा हात फिरवून मूळ प्रत (मास्टर) कशी बनवली त्यावर ठरतं. मेटॅलिका या बँडचा २००८ चा 'डेथ मॅग्नेटिक' अल्बम घ्या. सीडीवर आवाज इतका ठासून भरलाय की ड्रमचे ठोके चरचरतात. तीच गाणी 'गिटार हीरो' गेममध्ये आली ती मात्र बरीच मोकळी, आणि शौकिनांनी तीच जपून ठेवली. चरचर मास्टरमध्येच असेल तर बिट वाढवून काय होणार?

दुसरं, फाइल स्पेकमध्ये (आवाजातल्या फ्रिक्वेन्सींचा आलेख दाखवणारं सॉफ्टवेअर) उघडून बघा. आलेख १६ किलोहर्ट्झला सुरीने कापल्यासारखा थांबला, तर बहुतेक एमपीथ्रीलाच फ्लॅकचा सदरा चढवलाय. (असा एक अख्खा फोल्डर मी दोन वर्षं कौतुकाने ऐकत होतो, हसू नका.)

सीडी हाताशी असेल तर एक्झॅक्ट ऑडिओ कॉपी या सॉफ्टवेअरने रिप स्वतःच काढा, ॲक्युरेटरिपशी (इतरांनी काढलेल्या रिपशी ताडून बघायचा डेटाबेस) मेळ बसला की लॉगसकट, म्हणजे रिपच्या नोंदीच्या फाइलसकट, ठेवून द्या. आणि मग २४ बिटची फाइल शेजारी लावून, दोन्हींचा आवाज सारखा करून ऐका.