शब्दचर्चा : ‘मॅच’ला मराठीत काय म्हणावे, आणि ते कशाचे वीस टक्के?

पडवी :
संदर्भ अमेरिकेतला आहे. तिथे १९८४ च्या ‘व्हिक्टिम्स ऑफ क्राइम ॲक्ट’खाली (बोलताना सगळे ‘व्होका’ म्हणतात) केंद्राचा पैसा राज्यांकडे जातो. राज्ये तो घरगुती हिंसाचार, लैंगिक अत्याचार, बालकांवरील अत्याचार अशा गुन्ह्यांतल्या पीडितांसाठी काम करणाऱ्या संस्थांना देतात. अशा संस्थेच्या मराठी स्वयंसेवकांसाठी चार पानी टिपण करायचे आहे. अडलेले वाक्य हे : ‘अनुदान घेणाऱ्या संस्थेने किमान २० टक्के मॅच दाखवावी.’ मॅच म्हणजे अनुदानाच्या जोडीला संस्थेने घालायची भर. ‘जुळणारा निधी’ लिहिले तर पत्रिका पाहिल्यासारखे वाटते. ‘समान निधी’ चालेल का? ‘इन-काइंड’ (रोखीऐवजी वस्तू किंवा श्रमांच्या रूपात दिलेली भर) आणि ‘वेव्हर’ (या अटीतून मिळणारी मोकळीक) यांनाही शब्द हवेत.

हिशेबनीस :
‘समान निधी’ नको. हा शब्द मराठी सरकारी व्यवहारात आधीच रुळलेला आहे, अडचण तीच आहे. राजा राममोहन रॉय ग्रंथालय प्रतिष्ठानच्या योजना आपल्या वाचनालयांना ‘समान निधी’ आणि ‘असमान निधी’ याच नावांनी माहीत आहेत. तिथे मॅचिंग म्हणजे समान निधी. पण ‘समान’ म्हटले की वाचणारा जितक्यास तितके समजतो. व्होकाच्या वाक्यात ‘समान निधी २० टक्के’ असे लिहिले तर शब्दच एकमेकांशी भांडतात.

शिवाय तुमच्या वाक्यात शब्दापेक्षा मोठी चूक आहे. ‘२० टक्के’ कशाचे, ते लिहिलेलेच नाही.

शेवगा :
लोकवर्गणी किंवा लोकवाटा का नको? जल जीवन मिशनमध्ये गावातल्या नळयोजनेच्या भांडवली खर्चाच्या १० टक्के, आणि डोंगराळ, वनक्षेत्रातल्या किंवा अनुसूचित जाती-जमातींची वस्ती निम्म्याहून जास्त असलेल्या गावांत ५ टक्के, हा गावाचा वाटा असतो. तो रोख, वस्तू किंवा श्रम या कोणत्याही रूपात चालतो. कल्पना जवळजवळ तीच आहे आणि शब्द घरचा आहे.

हिशेबनीस :
जवळचा आहे, तरी वर्गणी घरोघर फिरून गोळा होते. व्होकातला वाटा एकाच देणगीदाराचा असू शकतो, राज्य सरकारच्या दुसऱ्या अनुदानातला असू शकतो, चर्चने फुकट दिलेल्या खोलीचा असू शकतो. ‘स्वहिस्सा’ही काही ठिकाणी वाचला आहे. त्यातून पदरचेच घालायचे असा समज होतो, आणि तशी अट नाही. मी ‘वाटा’ एवढाच शब्द ठेवीन, पहिल्यांदा येईल तिथे ‘संस्थेने उभा करायचा वाटा’. ‘उभा करणे’ म्हटले की कुठूनही आणा, हे आपोआप येते.

‘कुठूनही’ला एक मोठा अपवाद. केंद्राचा पैसा केंद्राच्याच अनुदानापुढे वाटा म्हणून दाखवता येत नाही, एखाद्या कायद्यात तशी स्पष्ट परवानगी असेल तेव्हाच येतो. महिलांवरील हिंसाचारासाठीचे दुसरे केंद्रीय अनुदान हातात आहे म्हणून तेच इकडे दाखवावे, हा मोह बऱ्याच जणांना होतो.

पडवी :
मग ‘अनुदानाच्या २० टक्के वाटा’ असे लिहिते. एक लाख डॉलर मिळाले तर वीस हजार उभे करायचे, असे उदाहरणही देते.

तागडी :
थांबा, हेच छापून गेले तर संस्थेला भुर्दंड बसेल. व्होकाचा २०१६ चा नियम (८ जुलैला प्रसिद्ध झाला, ८ ऑगस्टपासून लागू) म्हणतो की वाटा *प्रकल्पाच्या एकूण खर्चाच्या* किमान २० टक्के. एकूण खर्च म्हणजे अनुदान अधिक वाटा. म्हणजे अनुदान हे ८० टक्के झाले. एक लाख हे ८० टक्के असतील तर एकूण १,२५,००० आणि वाटा २५,०००. वीस हजार नव्हे.

दुकानदाराला हे समजावावे लागत नाही. खरेदीवर शेकडा पंचवीस चढवले की विक्रीवर शेकडा वीस नफा. रक्कम तीच, फक्त ज्याच्यावर शेकडा काढला ते बदलले. मराठीत म्हणायचे तर वाटा एकूण खर्चाचा पंचमांश, म्हणजेच अनुदानाचा पाव. टिपणात टक्के न लिहिता ‘अनुदानाचा पाव’ लिहिलेत तर चूक करायला जागाच राहत नाही. चाराने भागा, संपले.

शेवगा :
पाच हजारांचा फरक. एवढ्यासाठी भुर्दंड?

तागडी :
भुर्दंड पाच हजारांचा नसतो, चौपट असतो. ९६,००० चे अनुदान घ्या. खरा वाटा २४,०००. चुकून २० टक्के काढले तर १९,२०० येतात, म्हणजे ४,८०० कमी. आता उलटे पाहा : १९,२०० च्या वाट्यापुढे केंद्राचे पैसे किती टिकतात? चौपट, म्हणजे ७६,८००. उरलेले १९,२०० अनुदान वाट्याविना पडले, ते अमान्य होऊन परत मागितले जाऊ शकतात. वाट्यातला एक डॉलर चुकला की अनुदानातले चार धोक्यात येतात. हे वर्षअखेरीला कळते तेव्हा पैसा पगारात खर्च झालेला असतो.

खर्च कमी झाला तर वाटाही त्याच प्रमाणात उतरतो. ९६ हजारांपैकी ८८ हजारच खर्च झाले तर २२ हजारांचा वाटा पुरतो.

भागाकारात अपूर्णांक आला तर वरच्या डॉलरला न्या. ५३,३३३ चा पाव १३,३३३.२५. तो १३,३३३ लिहिला तर वीस टक्क्यांना केसभर कमी पडतो, आणि नियमात शब्द ‘किमान’ आहे. १३,३३४ लिहावे.

हिशेबनीस :
आणि ‘पाव’ हे व्होकापुरतेच, असे ठळक लिहा. एकाच संस्थेकडे सहसा दोन-तीन अनुदाने असतात आणि प्रत्येकाचा पाया वेगळा असतो.

महिलांवरील हिंसाचारविरोधी ‘स्टॉप’ अनुदानात वाटा एकूण खर्चाच्या २५ टक्के, म्हणजे अनुदानाचा तिसरा हिस्सा : ९०,००० ला ३०,०००. पीडितांना थेट सेवा देणाऱ्या संस्थांना आणि आदिवासी जमातींना त्यातून वगळले आहे. त्यामुळे तुमच्या वाचकांपैकी पुष्कळांना तो लागूच होणार नाही.

कौटुंबिक हिंसाचार प्रतिबंध व सेवा कायद्याखालच्या अनुदानात मात्र कायदाच म्हणतो की केंद्राच्या दर पाच डॉलरला एक डॉलर. हे खरोखर अनुदानाचे २० टक्के. एक लाखाला वीस हजार. पडवी, तुमचे मघाचे उदाहरण इथे बरोबर ठरले असते. बोलताना दोन्हींना ‘वीस टक्के’च म्हटले जाते, आणि एकीकडचा हिशेब दुसरीकडे जातो तो यामुळेच.

मी तर टक्के सोडून मराठी पद्धतीने लिहीन : व्होका चाराला एक, स्टॉप तिनाला एक, कौटुंबिक हिंसाचाराचे अनुदान पाचाला एक.

कोनाडा :
‘चाराला एक’ फार आवडले. आपल्याकडे केंद्र-राज्य हिस्सा ६०:४० असा लिहितात, त्यातही पाया आपोआप एकूणच असतो.

‘इन-काइंड’ला वस्तुरूप लिहिले जाते. पण जुना मराठी शब्द आहे : ऐनजिनसी. वसुलाच्या कागदांत नक्त (रोख) आणि ऐनजिनसी (वस्तूंच्या रूपात) अशी जोडीच असायची.

शेवगा :
शब्द देखणा आहे, वाचणाऱ्यांपैकी किती जणांना कळेल? शिवाय जिनसेत श्रम कुठे येतात? व्होकात सगळ्यात मोठा ऐवज स्वयंसेवकांच्या तासांचाच असतो.

तागडी :
असतो, आणि त्याला कारण आहे. सूट मिळालेली नसेल तर व्होकाचे अनुदान घेणाऱ्या संस्थेने स्वयंसेवक वापरलेच पाहिजेत अशी अट आहे. तास हातात असतातच, ते वाट्यात धरले जातात. ‘वस्तू-सेवारूप वाटा’ लिहा, अवघड होईल तिथे ‘बिनरोखीचा वाटा’.

तासांच्या किमतीत गोंधळ होतो. दर माणसाचा धरत नाहीत, कामाचा धरतात. वकील बाईंनी संरक्षण आदेशासाठी पीडितेला सल्ला दिला तर वकिलीचा दर. त्याच बाईंनी निवारागृहाच्या भिंती रंगवल्या तर रंगाऱ्याचा. संस्थेत त्याच कामाला पगारी माणूस असेल तर त्याचा दर, नसेल तर त्या भागातल्या बाजाराचा. वाजवी भत्ते-लाभ त्यात मिळवता येतात. ‘इंडिपेंडंट सेक्टर’ ही संस्था स्वयंसेवेच्या तासाचा सरासरी राष्ट्रीय दर दरवर्षी जाहीर करते. तो सरसकट सगळ्या कामांना लावण्याआधी राज्याच्या कार्यालयाला लेखी विचारावे.

२४,००० चा वाटा असा उभा राहू शकतो :

हेल्पलाइनवर ९०० तास, दर १६ डॉलर : १४,४००
वकिलांचा सल्ला ६० तास, दर १०० डॉलर : ६,०००
फुकट मिळालेली २०० चौरस फुटांची समुपदेशनाची खोली, वार्षिक १८ डॉलर चौरस फुटाला : ३,६००

खोलीचे भाडे त्याच गावातल्या तशाच खाजगी जागेच्या रास्त भाड्याहून जास्त धरता येत नाही. इमारत संस्थेच्याच मालकीची असेल तर भाडे धरायचेच नाही, घसारा धरायचा. स्वतःला स्वतःच भाडे दिले, असा हिशेब लेखापरीक्षक ठेवत नाही.

सवलतीचा फरकही वाट्यात येतो. समुपदेशक एरवी १२० घेतो आणि संस्थेकडून ७० घेतो, तर ५० वाट्यात. त्याच्या नेहमीच्या दराचा लेखी पुरावा मात्र हवा.

कोनाडा :
मग विश्वस्तांच्या बैठकांचे तासही धरता येतील?

तागडी :
नाही. ज्यावर व्होकाचा पैसा खर्च करता येत नाही ते वाट्यातही चालत नाही, हा एक नियम लक्षात ठेवला की निम्मे प्रश्न सुटतात. निधी गोळा करण्याच्या भोजनासाठी राबलेले स्वयंसेवक, कायदा बदलावा म्हणून आमदारांना भेटायला गेलेला दिवस, संशोधन, गुन्ह्याचा तपास, आरोपीचा बचाव : सगळे बाद. विश्वस्त बाई शनिवारी हेल्पलाइनवर बसल्या तर ते तास धरा. त्याच बाई बैठकीत बसल्या तर नाही.

वाटा अनुदानाच्या मुदतीतच पडायला हवा. मुदत ऑक्टोबरला सुरू होत असेल तर ऑगस्टमधल्या प्रशिक्षणाचे तास गेले. आणि एक तास एकदाच. तीच हेल्पलाइनची रात्र व्होकात आणि कौटुंबिक हिंसाचाराच्या अनुदानातही दाखवली की दोन्हीकडे अडचण येते. हजेरीपत्रकात प्रत्येक पाळीपुढे ‘कोणत्या अनुदानाचा वाटा’ असा रकाना आधीच आखा. तारीख, वेळ, काम, स्वयंसेवकाची सही, देखरेख करणाऱ्याची सही, पगारी माणसांसारखीच. वर्षअखेरीला आठवून भरलेले पत्रक एकाच शाईत आणि एकाच अक्षरात असते, ते लगेच ओळखू येते.

हिशेबनीस :
अर्जात उत्साहाने जास्त वाटा लिहिण्याचाही मोह होतो. २४ हजार पुरत असताना ४० हजार लिहिले आणि तसेच अंदाजपत्रक मंजूर झाले की लेखापरीक्षणात ४० हजारांचे कागद मागितले जातात. लागतो तेवढा लिहा, त्याच्या थोड्या जास्त तासांची नोंद जवळ ठेवा. काही नोंदी अमान्य होतातच.

पडवी :
‘वेव्हर’ला माफी लिहू की सूट?

कोनाडा :
सूट. माफी कर्जाची किंवा चुकीची. ‘माफी’ लिहिले तर आधी देणे होते आणि ते सोडून दिले असे वाटते.

हिशेबनीस :
सूट बरोबर. तिची हकिकतही एका ओळीत द्या, कारण जालावर जुनी टिपणे फिरत असतात. २०१६ च्या नियमात सूट देण्याचा अधिकार केंद्रातल्या गुन्हापीडित कार्यालयाच्या संचालकांकडे होता, अर्ज राज्यामार्फत जायचा. २२ जुलै २०२१ च्या दुरुस्ती कायद्याने राज्यांनाच आपापल्या धोरणानुसार सूट देता येऊ लागली. महासाथीची राष्ट्रीय आणीबाणी आणि त्यानंतरचे एक वर्ष तर ती देणे बंधनकारक होते. आणीबाणी १० एप्रिल २०२३ ला संपली, त्यामुळे ते बंधनही नंतर संपले. त्या वर्षांत रुळलेल्या संस्थांना ‘वाटा लागत नाही’ असेच पाठ झालेले असते. आता राज्याचे चालू धोरण वाचायचे. सूट पूर्ण किंवा अंशतः असू शकते. अंशतः असेल तर वाटा किती डॉलरचा उरतो तो आकडा लेखी घ्या, ‘निम्मी सूट’ एवढ्यावर राहू नका.

जमातींच्या भूमीवर चालणारे प्रकल्प आणि पोर्तो रिको सोडून अमेरिकेच्या ताब्यातले प्रदेश यांना मुळातच वाट्याची अट नाही. त्याला सूट म्हणू नका, ते वगळलेले आहेत.

शेवगा :
एक आगंतुक सूचना. टिपणात ‘व्हिक्टिम’ला बळी लिहू नका. मराठीत बळी गेला म्हणजे माणूस गेला. पीडित ठीक. आणि ‘असिस्टन्स’ला अर्थसाहाय्य तर मुळीच नको. आपल्याकडे मनोधैर्य योजनेमुळे हा शब्द पीडितेच्या हातात पडणाऱ्या रकमेशी जोडला गेला आहे. व्होकात ती बाजू वेगळी, तिला नुकसानभरपाई म्हणतात, आणि या अनुदानातून भरपाई देता येत नाही. इथे सेवा आहेत : निवारा, समुपदेशन, कोर्टात सोबत. ‘साहाय्य’ किंवा ‘साहाय्यसेवा’ लिहा.

पडवी :
सगळ्यांचे आभार. वाक्य असे केले आहे :

‘पीडित साहाय्यसेवांच्या व्होका अनुदानात चाराला एक वाटा संस्थेने उभा करायचा आहे, म्हणजे मिळालेल्या अनुदानाचा पाव. तो रोख किंवा वस्तू-सेवारूप चालेल, केंद्राच्या दुसऱ्या अनुदानातला चालणार नाही.’

तागडी :
‘मिळालेल्या’ नको, ‘खर्च झालेल्या’ करा. आणि पुढे ‘राज्याने सूट दिली नसेल तर’.